तीनशे सदुसष्ट महिने

कारखान्यात त्याचं खरं नाव फक्त पगाराच्या पावतीवर उरलं होतं. लेथवर तीस वर्षं काढलेला हा टर्नर सगळ्यांसाठी मायक्रॉन होता. मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग, आणि तेवढाही फरक हा माणूस खपवून घेत नाही, अशी त्याची ख्याती. एकदा नवा इंजिनिअर म्हणाला, "अहो, चालून जाईल एवढं." याने शाफ्ट उचलून त्याच्या हातात दिला. "चालेल की. पण तुमच्या सहीने चालू दे, माझ्या नको." पुढे कितीतरी दिवस तो इंजिनिअर याच्या मशीनला वळसा घालून जायचा.

घर घेतलं तेव्हा तो अडतीस वर्षांचा होता आणि लेक पाच वर्षांची. तिसरा मजला, लिफ्ट नाही, म्हणून जरा स्वस्तात मिळालेलं. दोन खोल्या, स्वयंपाकघर, आणि एक बाल्कनी. तिच्यात एक खुर्ची मावायची, दुसरी आणली की दार लागायचं नाही. बायको म्हणाली, "मग आपण पाळीपाळीने बसू." त्याची पाळी फारशी कधी आलीच नाही, ती गोष्ट वेगळी.

कर्ज होतं वीस लाखांचं, वीस वर्षांचं, आठ टक्क्यांनी. हप्ता सोळा हजार सातशे एकोणतीस. त्याने हिशोब मांडून बायकोला दाखवला होता: अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती, आणि त्याच महिन्यात शेवटचा हप्ता. कसं चपखल बसतंय बघ, म्हणाला. तेव्हापासून त्याने ओव्हरटाइमला कधी नाही म्हटलं नाही. सकाळी सातला घर सोडायचा, परत यायला आठ वाजायचे. रविवारीही अर्धा दिवस जायचाच. लेकीने शाळेत 'माझे घर' या विषयावर निबंध लिहिला होता: "आमच्या घरात आई आणि मी राहतो. माझे बाबा हप्ता भरतात." बाईंनी खाली लाल शाईत 'छान' असा शेरा दिलेला. त्याने तो निबंध कारखान्यात नेऊन दाखवला, सगळे पोट धरून हसले. तोही हसला.

तिसऱ्या वर्षी बँकेचं पत्र आलं. व्याजाचे दर वाढल्याची बोंब आधीच कानावर आली होती, त्यामुळे त्याने दारातच पाकीट फोडलं. पहिलंच वाक्य होतं: आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल झालेला नाही. त्याच्या जिवात जीव आला. "हप्ता तोच आहे गं," त्याने आतल्या खोलीत ओरडून सांगितलं आणि पत्राची घडी घालून फाइलमध्ये सरकवलं. खालच्या तक्त्यात दराच्या जागी दहा टक्के होते. त्याच्याखाली लिहिलं होतं, उर्वरित मुदत: ३६७ महिने. तिथवर त्याची नजर पोचलीच नाही. पुढच्या वर्षीपासून तर तो पहिलं वाक्य वाचायचा आणि पत्र मिटायचा.

बायको घरी शिवणकाम करायची. पडदे, उशांचे अभ्रे, शेजारणींची अल्टरेशनची कामं. पाचव्या वर्षी तिने एका संध्याकाळी त्याच्यासमोर पैशांचं पाकीट ठेवलं. चाळीस हजार.

"हे कर्जात भरा," ती म्हणाली. "खालच्या मजल्यावरच्या बाईंनी भरले तसे. मध्येच भरले तर व्याज कमी होतं म्हणे."

तो दमून आला होता, आणि त्याला ते कुठेतरी लागलं. आपण एवढं राबतोय ते पुरत नाही की काय, असं वाटलं. "घराचं मी बघतोय ना? एक हप्ता चुकलाय का आजवर? तुझे पैसे तुझ्याकडे ठेव."

तिने पाकीट उचललं. पुन्हा कधी तो विषय काढला नाही.

वर्षं गेली. लेक शिकली, दुसऱ्या शहरात एका प्रयोगशाळेत नोकरीला लागली. घरात दोघंच उरली. सतराव्या वर्षी बायकोला जिना चढताना धाप लागायला लागली. आधी दुसऱ्या मजल्यावर थांबायची, मग पहिल्या. पुढे खाली उतरणंच बंद झालं. फुप्फुसं आतून ताठर होत चालली आहेत, असं डॉक्टर म्हणाले. बरं होण्यासारखं नाही, पण सांभाळलं तर काही वर्षं निघतील. "आधी तळमजल्यावर जा," त्यांनी बजावलं. "हे तीन जिने हिच्या जिवावर उठलेत."

मायक्रॉनला यात फारशी अडचण दिसली नाही. दोनच वर्षांचे हप्ते उरलेत, एकदम भरून टाकू, कागद मोकळे झाले की हे विकायचं आणि तळमजल्यावर दोन खोल्या घ्यायच्या. बायकोला त्याने असंच सांगितलं, आणि अर्ध्या दिवसाची रजा टाकून फाइल घेऊन बँकेत गेला. अठरा वर्षांत कर्जासाठी तो दुसऱ्यांदाच बँकेत येत होता.

काउंटरमागे तिशीतली अधिकारी बाई होती. तिने खातं उघडलं, थोडा वेळ पडद्याकडे बघत राहिली.

"काका, कर्ज बंद करायला पंधरा लाख सदतीस हजार लागतील."

तो हसला. "दुसऱ्या कोणाचं तरी खातं उघडलंय तुम्ही. माझे चोवीस हप्ते राहिलेत."

तिने खातेक्रमांक वाचून दाखवला. त्याचाच होता. मग तिने पडदा त्याच्याकडे वळवला. "तुमचे एकशे पंच्याहत्तर हप्ते राहिलेत. चौदा वर्षं सात महिने."

"मी एकही हप्ता चुकवलेला नाही."

"नाही चुकवलात. दिसतंय मला. पण दर वाढला तेव्हा हप्ता तोच ठेवला होता, आणि मुदत वाढवली होती. दर महिन्याला तुमच्या हप्त्यातून आधी व्याज वळतं होतं, उरलं तेवढंच मुद्दलात जातं. तिसऱ्या वर्षी व्याजच जवळजवळ सोळा हजार होत होतं, काका. मुद्दलात जायचे आठशे. तेसुद्धा पुरते नाहीत."

"आजपर्यंत मी किती भरले?"

तिने आकडेमोड केली. "छत्तीस लाख तेरा हजार. त्यातले साडेएकतीस लाख व्याजात गेले."

तो फाइलच्या कडेवरून बोट फिरवत बसला. शेवटी म्हणाला, "मग करायला काय हवं होतं?"

बाई घुटमळली. "हप्ता चोवीसशेने वाढवून घेतला असता तर वीस वर्षांतच संपलं असतं. आणि नव्या ग्राहकांना मध्यंतरी दर कमी झाला होता. जुन्यांनी अर्ज केला तर त्यांनाही मिळायचा. एका पानाचा अर्ज असतो."

"मला कोणी सांगितलं नाही."

"पत्रात असतं ते," ती हळूच म्हणाली. तिला वाईट वाटत होतं, ते दिसत होतं.

उठता उठता त्याने विचारलं, "पाचव्या वर्षी समजा कोणी चाळीस हजार भरले असते, तर?"

"आज दीड लाखाच्या आसपास कमी असते."

घरी आल्यावर बायकोने विचारलं, "काय म्हणाले?" तो म्हणाला, "साहेब नव्हते जागेवर." दुसऱ्या दिवशी म्हणाला, यंत्रणा बंद होती. तिसऱ्या दिवशी तिने काहीच विचारलं नाही, तेव्हा मात्र त्याला राहवलं नाही. तिच्या पलंगाशी स्टूल ओढून बसला आणि सगळं सांगितलं. आकडे सांगताना त्याचा आवाज कारखान्यात माप सांगतात तसा सपाट होता.

तिने पुरतं ऐकून घेतलं. श्वास जमवून म्हणाली, "म्हणजे मी पैसे देत होते तेव्हा..."

"हो."

"घेतले असते तर..."

"पूर्ण नसतं संपलं. पण मी बँकेत गेलो असतो. गेलो असतो तर कळलं असतं."

तिने कूस बदलून भिंतीकडे तोंड केलं. दोन दिवस ती त्याच्याशी बोलली नाही. औषध दिलं की घ्यायची, पेला परत द्यायची. अठ्ठावीस वर्षांच्या संसारात तिने कधी असा अबोला धरला नव्हता. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं त्याला वाटत राहिलं. फोनवर त्याने लेकीला सांगितलं. ती म्हणाली, "बाबा, पैशांचं जाऊ दे. पण तुम्ही घरी असू शकला असता."

तिसऱ्या दिवशी सकाळी बायको उठून बसली. "भाड्याने का होईना, खाली जाऊ," ती म्हणाली. "विका हे. मला अजून एकदा रस्त्यावरून चालायचंय."

विकायलाही पाच महिने गेले. मूळ कागद बँकेकडे, म्हणून गिऱ्हाईक बिचकायचं. लिफ्ट नाही म्हटल्यावर भाव पाडायचं. शेवटी एकोणतीस लाखांना सौदा ठरला. त्यातले पंधरा लाख सतरा हजार परस्पर बँकेत गेले. जे हातात आलं त्यात तळमजल्यावरचं अर्धं घरही आलं नसतं. त्याने शेजारच्याच गल्लीत भाड्याने जागा घेतली: एक खोली, मागे स्वयंपाकाला आडोसा, दार थेट रस्त्यावर.

या पाच महिन्यांत आजाराने आपलं काम चालूच ठेवलं होतं. जायच्या दिवशी शेजारच्या दोघांनी तिला खुर्चीत बसवून खाली आणलं. एकेका मजल्यावर दारं उघडत होती, बायका बाहेर येऊन तिचा हात हातात घेत होत्या. ती म्हणाली, "एवढा मान लग्नातही नव्हता मिळाला." सगळ्या हसल्या. मायक्रॉन मागून ऑक्सिजनचं नळकांडं घेऊन उतरत होता. त्याला पायऱ्या नीट दिसत नव्हत्या.

त्या खोलीत ती सत्तेचाळीस दिवस राहिली. पहिले तीन आठवडे बरे गेले. दारात खुर्ची टाकून बसायची. आठवड्याभरात तिला गल्लीतली सगळी माणसं नावानिशी ठाऊक झाली, कोणाची सून रुसलीय आणि कोणाचा कुत्रा कोणाला चावलाय त्यासकट. त्याने ओव्हरटाइम सोडला होता. साडेतीनला सुटून चारला घरी यायचा आणि तिच्याशेजारी दुसरी खुर्ची टाकायचा. पहिल्या दिवशी दोघांनाही काय बोलावं ते सुचेना. "तुम्ही एवढ्या उजेडी घरी कसे," ती म्हणाली, "पाहुणे आल्यासारखं वाटतंय."

एक दिवस ती त्याला न सांगता कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत एकटी चालत गेली आणि निळ्या दोऱ्याचं रीळ घेऊन आली. तो आला तेव्हा धापा टाकत बसली होती, पण चेहऱ्यावर लहान मुलीसारखी शेखी होती. त्याने रागावायला तोंड उघडलं आणि मिटलं.

मग ताप आला, आणि त्यातून ती उठली नाही. शेवटच्या दोन दिवसांत लेक येऊन पोचली होती. आईच्या उशाशी ती बसली, पायाशी हा. शुद्धीत असताना बायको एकदा त्याला म्हणाली, "मला राग आला होता. अजूनही थोडा आहे." तो म्हणाला, "असू दे." तिने डोळे मिटून घेतले. दुपारी तीनच्या सुमारास ती गेली. बाहेर रस्त्यावर कोणीतरी तिची चौकशी करत होतं, आता कशी आहे म्हणून.

महिन्याने बँकेचं पत्र आलं. सन्माननीय ग्राहक, आपले गृहकर्ज पूर्ण फेडल्याबद्दल अभिनंदन. त्याने ते दिव्याखाली धरून पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं, बारीक अक्षरांसकट. मग पुन्हा वाचलं. लेक परत निघायच्या आधी म्हणाली, "बाबा, माझ्याकडे चला." तो म्हणाला, "निवृत्त झालो की बघू." तिने पुढे आग्रह केला नाही.

कारखान्यात स्टोअर सांभाळणारी एक बाई आहे. परवा जेवणाच्या सुट्टीत ती कर्जाचे कागद घेऊन त्याच्या टेबलाशी आली. "दादा, तुम्ही घेतलं होतंत ना कर्ज? जरा बघा ना. वीस वर्षांचं देतायत, हप्ता झेपेल आम्हाला."

त्याने चष्मा लावला. "दर बदलता आहे की पक्का?"

"ते मला काय माहीत. नवऱ्यानेच ठरवलंय सगळं. म्हणतो, तू फक्त सही कर."

त्याने कागद मिटून तिच्यापुढे ठेवले. "उद्या त्याला घेऊन या. दोघं बसा माझ्यासमोर. मग वाचू."

नवरा आला, पण नाखुशीनेच. मायक्रॉनने पान अन् पान वाचलं. दर वाढला तर हप्ता वाढवून मागा, मुदत वाढू देऊ नका, वर्षातून एकदा दोघांनी बँकेत जा, आणि उरलेले महिने किती ते विचारा, हे त्याने दोनदा सांगितलं. नवरा घड्याळ बघत होता. बाई मात्र पावतीच्या मागे लिहून घेत होती. मध्येच तिने विचारलं, "समजा माझ्या पगारातून अधूनमधून थोडे जादा भरले, तर चालेल?"

"पैसे तुझ्याकडे राहू दे गं," नवरा म्हणाला. "माझं मी बघतो."

मायक्रॉनने चष्मा काढला. पुसायला घेतलेला तो तसाच हातात राहिला. बाईला वाटलं, दादांना बरं वाटत नाहीये. तिने पाण्याचा पेला पुढे केला, तो त्याने घेतला, आणि नवऱ्याकडे वळून म्हणाला, "बस जरा. तुला माझ्या बायकोचं सांगतो."