दोन शेतांवरची एक तार

बाळापूर रस्त्याला लागून असलेलं आमचं शेत माझ्या नावावर आहे. दीर ते वाहतो. वांगी, मेथी, कोबी काढून अकोल्याच्या बाजारात नेतो. त्या पट्ट्यात पेट्रोल पंप द्यायचा म्हणून एका तेल कंपनीची जाहिरात आली. डीलरशिप महिलांसाठी राखीव होती, म्हणून मी अर्ज केला. सोडतीत माझंच नाव निघालं आणि दिराने गावभर पेढे वाटले.

मग कंपनीचे अधिकारी जागा पाहायला आले. शेतावरून विजेच्या टॉवरची मोठी तार जाते, एवढ्या कारणावरून त्यांनी जागा नापास केली. पुन्हा सोडत झाली आणि अमरावतीच्या एका बाईंचा नंबर लागला. त्यांनी भाड्याने घेतलेली जागा आमच्या धुऱ्याला, म्हणजे बांधाला लागूनच. तीच तार आमच्या शेतावरून सरळ त्यांच्या जागेवर जाते. त्यांची जागा पास झाली.

मी कंपनीच्या ऑफिसात गेले. तिथल्या साहेबांनी शांतपणे सांगितलं, की दोन्ही पाहण्या वेगवेगळ्या अधिकाऱ्यांनी केल्या आणि प्रत्येकाचं मत वेगळं असू शकतं. दीर माझ्या मागे उभा होता. तो म्हणाला, "साहेब, तार तं एकच हाये ना?" साहेबांनी आमच्यासाठी चहा मागवला.

आम्ही नागपूरला कोर्टात गेलो. नवऱ्याची नोकरी बाहेरगावी, त्यामुळे खेपा माझ्या आणि दिराच्या वाट्याला आल्या. दोन्ही जागा एकाच फोटोत दिसत होत्या, वर तारही दिसत होती. प्रकरण लगेच निकाली निघेल असं मला वाटलं. पण फोटो कुठून काढला हे स्पष्ट नाही, असं कंपनीच्या वकिलांचं म्हणणं पडलं. मग मोजणीचा नकाशा आणला. त्यावर उत्तर द्यायला त्यांनी मुदत मागितली, ती मिळाली, संपली, पुन्हा मागितली. कधी आमचा नंबर येईपर्यंत कोर्ट उठायचं. निकाल लागेपर्यंत जागेत काही बदल करू नका, असं आमच्या वकिलांनी बजावलं होतं. प्रत्येक हंगामाला दीर विचारायचा, "वहिनी, पेरू का नको?" आणि मी त्याच्यावरच चिडायची. शेतात कमरेएवढं गवत माजलं.

अमरावतीच्या बाईही तारखेला यायच्या. सुरुवातीला आम्ही एकमेकींकडे पाहतही नव्हतो. एका दुपारी त्यांनी बाकावर डबा उघडला आणि अर्धी भाकर माझ्यापुढे केली. म्हणाल्या, "मले वाटलं होतं तुमी लय भांडखोर असान. पण तुमच्या जागी मी असती तं मीबी कोर्टातच आली असती." मी भाकर घेतली.

शेवटी निकाल लागला. एकाच तारेला दोन न्याय लावले, हे कोर्टाला पटलं. निवड रद्द झाली आणि सगळी प्रक्रिया नव्याने करायचा आदेश निघाला. वकिलांनी माझं अभिनंदन केलं.

"म्हणजे पंप मला मिळाला?" मी विचारलं.

"नाही. पण तुम्हाला पुन्हा अर्ज करता येईल."

पलीकडे त्या बाईंचे वकील त्यांची समजूत घालत होते, की तुम्हालाही पुन्हा अर्ज करता येईल. मी जिंकले होते आणि त्या हरल्या होत्या, पण दोघींच्या हातात पडलं ते एकच.

नवी जाहिरात आली तोवर रस्ता रुंद होऊन मधे दुभाजक पडला होता. कंपनीला आता पलीकडच्या बाजूची जागा हवी होती. त्याच संध्याकाळी अमरावतीच्या बाईंचा फोन आला, वाचलं का म्हणून. वाचलं, म्हटलं. अर्ज भरणार का, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, तुम्ही भरा, माझ्याने आता नागपूर होणार नाही.

"मंग मी तरी काहून भरू?" त्या म्हणाल्या.

पण भरला त्यांनी. पलीकडे कुणाची तरी जागा मिळवली आहे म्हणतात. सोडत अजून व्हायची आहे.