हाललो तर बिघडंल

मी आधी चित्रं काढायचो. सुरुवातीला चित्रात माणसं असायची, मग माणसं गेली, झाडं गेली, शेवटी उरली बांधाची एक रेघ आणि वर रिकामं आभाळ. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ते चित्र जवळ धरून, लांब धरून पाहिलं आणि विचारलं, "रंग संपला व्हय रं?" असा संतापलो होतो! आता आठवून हसू येतं, पण ते हसू ऐकायला आबा नाहीत.

पुढे सिनेमे करू लागलो, तेही तसलेच. गोष्ट नाही, संगीत नाही. कॅमेरा एका जागी ठेवायचा आणि समोर जे आहे ते बघत राहायचं. बारामतीत खोली घेतली. दिवसा पोरांना चित्रकला शिकवायची, उरलेल्या वेळात एकट्यानं कॉम्प्युटरपुढे बसून कापाकापी. बघायला सात माणसं यायची, त्यातली तीन झोपायची. खरं सांगतो, मला त्या सातांचंही काही नव्हतं. आबांनी एकदा चांगलं म्हणावं, एवढंच हवं होतं.

म्हणून आबांवरच सिनेमा करायचं ठरवलं. गावी, निरवांगीच्या घरासमोर, लिंबाखाली खुर्ची ठेवली. म्हटलं, "आबा, नुसतं बसा." आबांच्या लेखी कॅमेरा म्हणजे फोटो. टोपी सारखी केली, हात गुडघ्यांवर ठेवले आणि बसले ताठ. मी वाट बघतोय, आता हलतील. ते वाट बघतायत, मी कधी 'झालं' म्हणतो. नाकावर माशी बसली, ती पण हाकलली नाही. अकरा मिनिटं! शेवटी हळूच म्हणाले, "झालं का रं? हाललो तर तुझं बिघडंल म्हनून बसलो." दारात तांदूळ निवडत बसलेली आई खुदकन हसली.

खोलीवर आल्यावर मी ते वाक्य कापलं. शांतता भंगते म्हणे! दुसऱ्या दिवशी कॅमेऱ्याचं कार्डही पुसून टाकलं, नव्या कामाला जागा हवी होती.

आबांना सिनेमा दाखवायचं आज-उद्या करत राहिलं आणि त्या पावसाळ्यात ते गेले. पुढे एका महोत्सवात लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी शहाण्यासारखा त्या माशीवर अर्धा तास बोललो. लॉजवर परत आलो आणि एकदम लक्षात आलं, आबांचा आवाज आपल्याकडे कुठंच नाही. बारामतीला येऊन वेड्यासारखी जुनी कार्डं उपसली, बंद पडलेले फोन चालू करून बघितले. काही सापडलं नाही. खोलीत एकटाच मोठ्यानं रडलो.

गेल्या दिवाळीत आईला लॅपटॉपवर तो सिनेमा लावून दिला. अकरा मिनिटं ती पापणी न हलवता बघत होती. पडदा काळा झाला तरी उठेना.

"आन् फुडचं? बोलल्यालं की ते."

"ते कापलं, आई."

ती माझ्याकडे वळून हळू आवाजात म्हणाली, "का रं? काय वंगाळ बोलल्यालं का ते?"