घासाच्या गठ्ठ्यातली नदी

कतारमध्ये, उम्म सलाल मोहम्मद गावाच्या बाहेर, गायींच्या एका फार्मवर मी चाऱ्याच्या गोदामाचा सुपरवायझर आहे. मला खुर्ची आहे, एसी आहे, त्यामुळे चाऱ्यातलं सगळं आपल्याला कळतं असा माझा समज होता. चारा खरा कळायचा तो मामांना. मामा माझे नातलग नव्हेत; मराठवाड्यातून आलेले, पन्नाशी उलटलेले, फोर्कलिफ्ट चालवणारे गृहस्थ. गोदामात मराठी बोलणारे आम्ही दोघंच.

आमच्याकडे वाळलेला लसूणघास अमेरिकेतून जहाजाने येतो. मामा आले त्या आठवड्यात कंटेनर उघडला, तेव्हा त्यांनी मूठभर पाला हुंगला आणि विचारलं, "सायब, ह्यो घास कुठल्या पाण्यावरचा?"

असला प्रश्न मला आजवर कुणी विचारला नव्हता. मी रुबाबात मोबाईलवर नकाशा काढला. कोलोरॅडो नदी. रॉकी पर्वताच्या बर्फातून निघते आणि सात राज्यांना पाणी देत वाळवंटात उतरते. वाटेत मोठमोठी धरणं, मग कालवे. त्यावर शहरं जगतात, पण सगळ्यात जास्त पाणी पिते शेती, आणि शेतीतही गुरांचा चारा. उरलंसुरलं मेक्सिकोत जातं. नकाशातली निळी रेघ समुद्राला टेकलेली होती, पण खाली लिहिलं होतं की बहुतेक वर्षं नदी तिथवर पोचतच नाही.

मामा हसले. "म्हंजे आमच्यावानीच की. आमचं गाव बी कालव्याच्या टेलला, पार शेवटाला. वरचे भिजवायलेत, आन् आमची पोरं कोरड्या चारीत क्रिकेट खेळायलीत." मग म्हणाले, "त्या नदीच्या शेवटाला कोण राहतंय, ते बगा की जरा."

"बघतो मामा, इन्शाल्ला," मी म्हणालो. इथे इन्शाल्ला म्हटलं की काम छान टाळता येतं. मी काही बघितलं नाही.

तेव्हापासून मामा सांडलेला पालासुद्धा झाडून गोळा करायचे. "पाणी हाय ते," म्हणायचे. "मग बादलीत भरा की," असं मी त्यांना चिडवायचो.

हिवाळ्यातल्या एका गुरुवारी दुपारी ते घाईने ऑफिसात आले. कोपरापर्यंत हाताला कुसं चिकटलेली. "नव्या गंजीतले मधले गठ्ठे तापायलेत. आजच मोडून मोकळे करावे लागतील."

घास पुरता न वाळता बांधला की आतून तापतो आणि काळा पडतो, एवढं मलाही ठाऊक होतं. पण बायको आणि मुलगी व्हिजिट व्हिसावर आल्या होत्या, संध्याकाळी सूक वाकिफच्या जुन्या बाजारात न्यायचं कबूल केलं होतं. शिवाय सर्टिफिकेटवर ओलावा बरोबर दाखवला होता.

"खलास मामा, कागद ठीक आहे. शुक्रवार-शनिवारची सुट्टी झाली की रविवारी बघू."

मामा दारात जरा घुटमळले आणि गेले. त्या संध्याकाळी मी मुलीला केशर आणि ससाणे दाखवले, आणि मला गंजीची आठवणसुद्धा झाली नाही.

रविवारी गंजीतून वाफ येत होती. मधले गठ्ठे काळेठिक्कर, वास तंबाखूसारखा. गायी तोंड लावेनात. निम्मा कंटेनर कचऱ्यात गेला. कुठला तो बर्फ, कुठली धरणं, किती समुद्र ओलांडून आलेलं ते पाणी, सगळं मी एका संध्याकाळसाठी घालवलं.

मॅनेजरने विचारलं, "स्टॅक कौन चेक करता है?"

"ये करते हैं," मी म्हणालो. ते खरंच होतं, म्हणून तर इतक्या सहज तोंडातून निघालं. मामांनी माझ्याकडे बघितलं. मी जमिनीकडे बघत राहिलो. दोन महिन्यांनी त्यांचं कॉन्ट्रॅक्ट संपलं, ते पुढे वाढवलं गेलं नाही. तोंड उघडायला मला दोन महिने होते. मी उघडलं नाही, याची मला आजही लाज वाटते.

जाताना ते एवढंच म्हणाले, "कागद बघा, पर गठ्ठ्यात हात बी घालत जावा, सायब." शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

ते गेल्यावर मी नदीचा शेवट शोधला. तिथे पिढ्यान्पिढ्या मासे धरणारे लोक राहत आलेत. पाणी यायचं थांबलं तसे मासे कमी झाले, आणि बरेच जण पोटासाठी दुसरीकडे गेले. मी मामांना फोन लावला. चूक माझी होती, हे सांगायचं ठरवूनच लावला होता. सांगितलं मात्र त्या मासे धरणाऱ्यांचं.

मामा ऐकत होते. मग त्यांनी विचारलं, "आन् पाणी घेणारे कधी त्यांच्याकडं जाऊन आले का?"

"माहीत नाही," मी म्हणालो, आणि इथल्या उन्हाचं बोलू लागलो.

त्यानंतर मी दोनदा सुट्टीवर घरी, साताऱ्याला गेलो. तिथून मामांच्या गावाला एका दिवसात पोचता येतं. दोन्ही वेळा मी गेलो नाही.