चढवलेले पंचवीस, सोडलेले वीस

मेंढपाळ भैरूची थोरली लेक म्हाळसा सातवीपर्यंत शिकली, पण सलग अशी कधीच नाही. दिवाळी सरली की वडगाव रासाईतून मेंढरं कोकणाकडं निघायची, घोड्यावर बिऱ्हाड चढायचं आणि पोरीची शाळा तिथंच तुटायची. ती परत येईतो गुरुजींचं निम्मं पुस्तक शिकवून झालेलं असे. त्यामुळं पाढे तोंडपाठ, बेरीज-वजाबाकी पक्की. शेकडेवारी मात्र तिला कुणी समजावलीच नाही. लग्नानंतर काही वर्षं तिचं काही अडलंही नाही. नवरा संपत रांजणगावच्या एका कारखान्यात लागला, दोघं शिरूरला राहायला आली, आणि दोन हजार एक साली संपतच्या बोनसमधून म्हाळसानं बाजारपेठेलगतच्या गल्लीत भांड्यांचं दुकान टाकलं.

एका शटरचं दुकान. पातेली, कळशा, डबे, ताटं, आणि भांड्यांवर नाव घालायचं छोटं मशीन. त्या मशीनवर म्हाळसाचा हात असा बसला की अक्षर छापल्यागत उमटायचं. लग्नसराईत लोक दुसरीकडून घेतलेली भांडीसुद्धा नाव घालायला तिच्याकडं आणायचे. ती मशीनवर बसली की गल्ला सांभाळायच्या भामाबाई. या संपतच्या चुलत आत्या. मूलबाळ नव्हतं, नवरा वारल्यावर त्या राहू गावाहून यांच्याकडंच आल्या. घरात सगळे त्यांना आत्या म्हणत. बोलणं कमी, पण गिऱ्हाईक आलं की स्टूल पुढं सरकवून पाणी देण्यात कधी खंड नाही.

धंद्याचा हिशोब पुण्यातल्या रविवार पेठेतल्या ठोक व्यापाऱ्यानं पहिल्याच खेपेला सांगितला होता. "ताई, खरेदीवर शेकडा पंचवीस चढवा. शंभरचा माल सव्वाशेला." म्हाळसानं तेवढंच धरून ठेवलं आणि दोन वर्षं दुकान बरं चाललं.

दोन हजार तीनच्या दिवाळीआधी चौकातल्या मोठ्या दुकानावर कापडी फलक लागला : सगळ्या भांड्यांवर वीस टक्के सूट. म्हाळसाचं नेहमीचं गिऱ्हाईक तिच्या दारावरून सरळ पुढं जायला लागलं. तिनं मनाशी मांडणी केली. आपण पंचवीस चढवतो. त्यातले वीस सोडले तरी पाच उरतात. नफा थोडा, पण माल तर हलेल. दुसऱ्या दिवशी तिच्याही दुकानावर तसाच फलक लागला.

मग मात्र गर्दी हटेना. म्हाळसा कॅल्क्युलेटरवर सूट काढून भाव सांगायची, मशीनवर नावं घालायची. आत्या पैसे घ्यायच्या, सुट्टे द्यायच्या. भाऊबीजेपर्यंत फळ्या रिकाम्या झाल्या.

सण उरकल्यावर तिनं हिशोब केला. माल वीस हजारांचा. पाच टक्के नफा म्हणजे हजार. गल्ल्यात एकवीस हजार हवेत. नावं घालायचे पैसे वेगळे काढून भरले वीस हजार. तिनं पुन्हा मोजले, संपतकडून मोजून घेतले. वीसच.

"घरखर्चाला काढले असशील," संपत म्हणाला.

"एक रुपाया न्हाई काढला."

गल्ल्याला हात लावणारी माणसं दोनच होती, आणि त्यातलं एक म्हाळसा स्वतः.

आत्यांना विचारायचं तरी कोणत्या तोंडानं? पण दुसऱ्या सकाळी तिनं गल्ल्याची किल्ली आपल्या कमरेला लावली. आत्यांनी ते पाहिलं. त्या दिवसापासून कुणी पैसे पुढं केले तर त्या हात मागं घेऊन म्हणायच्या, "थांबा, ती येईल." जेवताना पूर्वीसारख्या गप्पा होईनात. म्हाळसाला घास गोड लागेना. चोरी झाली असं मन म्हणायचं, आणि आत्यांच्या तोंडाकडं पाहिलं की तेच मन नाही म्हणायचं. या ओढाताणीत ती पार वाळून गेली.

फळ्या पुन्हा भरल्या, तुळशीची लग्नं लागली, तसे इनामगावचे मारुतराव दुकानात आले. ऊसवाले शेतकरी, सोसायटीचे संचालक. लेकीच्या लग्नाची भांडी घ्यायची होती. त्यांनी पातेल्यांचा एक संच खाली काढायला लावला.

"आमच्या सोयऱ्यानं दिवाळीत ह्योच संच तुमच्याकडनं नेला. मलाबी त्याच भावात द्या."

"मामा, ती सूट दिवाळीपुरती. आता पाचशेच."

"मंग असं करा, तुमच्या खरेदीच्या भावात द्या. तुमचंबी जायाचं न्हाई, माझंबी जायाचं न्हाई."

म्हाळसाला हसू आलं. "खरेदीत कसं परवडंल? दिवाळीतसुदिक मी खरेदीच्या वर पाच टक्के ठिवून इकलंय."

"खरेदी तरी किती, सांगा."

"चारशे."

"आन् सोयऱ्याला केवढ्याला दिला?"

तिनं कॅल्क्युलेटर ओढला. पाचशे. त्याचे वीस टक्के, शंभर. वजा केले. राहिले चारशे.

मारुतरावांनी वाकून आकडा पाहिला. "म्हंजी खरेदीचाच भाव की. मंग पाच टक्के कुठं हायेत?"

म्हाळसा आकड्याकडं बघत राहिली. तिनं शेजारची कळशी घेतली. खरेदी दोनशे, चढवून अडीचशे, अडीचशेचे वीस टक्के पन्नास, पुन्हा दोनशे. डब्याचं तसंच. ताटाचं तसंच. चढवलेले पंचवीस टक्के शंभरावरचे होते, आणि सोडलेले वीस टक्के सव्वाशेवरचे. सव्वाशेचे वीस टक्के म्हणजे पुरे पंचवीस रुपये. जेवढे चढवले तेवढेच उतरले. पाच टक्के मागं राहिलेच नव्हते. हजार रुपये कुणी नेले नव्हते. ते गल्ल्यात कधी आलेच नव्हते.

तिचे डोळे भरून आले आणि हसूही फुटलं.

"काय झालं? पानी देऊ का?" मारुतराव घाबरले.

"काय न्हाई मामा. दिवाळीभर फुकट राबलो आम्ही."

"नुकसान कळल्यावर हसनारी मानसं कमीच," असं म्हणत त्यांनी संच पाचशेलाच घेतला. सगळ्या भांड्यांवर तिनं नावं मात्र फुकट घालून दिली.

आत्या गिरणीवरून दळण घेऊन आल्या. म्हाळसानं त्यांच्या डोक्यावरचा डबा उतरवून घेतला आणि त्यांना समोर बसवलं.

"आत्या, दिवाळीत हजार कमी भरले व्हते."

"ठावं हाय." आत्या पदरानं पीठ झटकत राहिल्या. "म्याच सुट्टं देताना कुणाला जास्तीचं दिलं असंल, ह्येच डोक्यात बसलं. तू किल्ली कमरेला लावली, तवा म्हनलं बरं झालं, आता माझ्या हातनं आनखी जायाचं न्हाई. राहूला परत जावं म्हनत व्हते. तुला कसं सांगावं, ते सुचंना."

"कुठं जाऊ नका. तुमच्या हातनं एक रुपाया गेला न्हाई. हिशोब माझा चुकला." मग तिनं ते सगळं त्यांना कळशी पुढं ठेवून दाखवलं. शेवटी जीभ अडखळली, तरी म्हणालीच, "माझ्या मनात तुमच्याबद्दल वाईट आलं व्हतं."

"येनारच. गल्ल्यावर दुसरं व्हतं कोन?" आत्या म्हणाल्या आणि चहा ठेवायला उठल्या. म्हाळसानं किल्ली त्यांच्या हातात दिली. दोघींनी चहा घेतला. त्या दुपारी म्हाळसाला दुकानातच, भिंतीला टेकून, डोळा लागला.

पुढच्या खेपेला रविवार पेठेत व्यापारी बिलाची बेरीज करून खाली चार टक्के विक्रीकर मिळवायला लागला, तेव्हा तिनं त्याला थांबवलं. हा कर ती आजवर एसटीच्या तिकिटासारखा किरकोळ खर्च समजत आली होती.

"शेठ, शंभरचा माल मला एकशे चारला पडतो ना? मंग पंचवीस टक्के कशावर चढवायचे?"

"एकशे चारवरच, ताई. मी तर तसंच समजत होतो."

म्हणजे दिवाळीत शेकड्याला चार रुपये पदरचे गेले होते. तिला वाईट वाटलं, पण फार नाही. कुठं गेले ते आता कळत होतं.

पुढच्या दिवाळीला तिनं एकशे चारचा माल एकशे तीसला लावला आणि फलकावर दहा टक्के सूट लिहिली. तेरा सोडले, तेरा राहिले. चौकातल्या दुकानाएवढी गर्दी झाली नाही, आणि तिला तेवढी नकोही होती. दोन हजार पाचला व्हॅट आला, गल्लीतले दुकानदार एकमेकांना गाठून दर विचारायला लागले. म्हाळसानं नवा टक्का खरेदीत मिळवला आणि भांड्यांवरच्या भावाच्या चिठ्ठ्या बदलायला घेतल्या. आत्या बाजूला बसून जुन्या चिठ्ठ्या पाण्यानं भिजवून नखानं काढत होत्या, आणि दोघींचं चाललं होतं ते राहूच्या कुणा सोजराबाईच्या नातवाच्या लग्नाविषयी.