उघडी कड

आई गेल्यावर आम्हा दोघा भावांची वाटणी झाली. पालमच्या घरात बैठकीच्या मधोमध जिप्समची भिंत घालायची, एवढ्या एकाच गोष्टीवर आमचं एकमत. पाथरीहून मिस्त्री आला. त्याचं नाव विचारायचं राहूनच गेलं. ओठांत स्क्रू धरून काम करायचा, त्यामुळं बोलणं जवळजवळ नाहीच. मधूनच भिंतीवरून पालथा हात फिरवायचा, तापलेल्या लेकराचं कपाळ बघावं तसा.

शेवटी दाराकडची उघडी कड राहिली. तिच्यावर पत्र्याची पट्टी बसवायची होती. मी अलीकडून दाबली की ती पलीकडून उचलली जायची. त्यानं तोंडातले स्क्रू तळहातावर काढले.

"एका अंगानं न्हाई बसायची ही, मालक. त्या अंगानं तुमच्या भावाला धरायला लावा."

आमचं बोलणं कधीच बंद झालं होतं. मी एकटाच पट्टी दाबत राहिलो, तेव्हा त्यानंच हाक मारली. भाऊ आला आणि त्यानं पलीकडून पट्टी दाबून धरली. एकेक स्क्रू आत गेला.

"बसली. सोडा आता."

मी सोडली नाही. पलीकडचा हातही हलला नाही. मिस्त्री आमच्याकडं पाठ करून खाली बसला आणि पुट्टी कालवायला लागला. कालवून झाली, तरी कालवतच राहिला.