मशीनमध्ये राहिलेली कॅसेट

हे मी आजवर कुणापाशी बोलले नाही. आमच्या ह्यांनासुद्धा कळू दिलं नाही, आणि आता ते ऐकायला नाहीत. तुम्ही ऐका.

आम्ही तेव्हा इंग्लंडात कॉव्हेंट्रीला होतो, ऐंशी सालानंतरची गोष्ट. शेजारी लीला राहायची — केरळची, हॉस्पिटलात नर्स, एकटी. माझ्या मुली शाळेतून थेट तिच्याकडे जायच्या. रविवारी ती आपल्या देशी वाण्याकडून मल्याळम सिनेमाची कॅसेट भाड्यानं आणायची नि बाजूला बसून हिंदीत अर्थ सांगायची. नवऱ्याला सोडणारी बाई, तिच्या शरीराची भूक — असलं सगळं, पण किती जपून दाखवलेलं. मी रडायचे.

तिथल्या मराठी मंडळातल्या बायका हसायच्या. "मल्याळम म्हणजे तसलेच ना गं?" मी चिडायचे. पण खरं सांगू? तसले म्हणजे कसले, हे मलाही बघायचं होतं.

तसल्या कॅसेटी त्याच वाण्याकडे मिळायच्या, काउंटरखाली. "भाभी, ये फॅमिलीवाला नहीं है," तो म्हणाला. मी म्हटलं, द्या.

दुपारी पडदे ओढून बघितली. कसलं ते — ना गोष्ट, ना माणसं. थक्क झाले. बंद केली, पण — बघा माझा वेंधळेपणा — कॅसेट मशीनमध्येच राहिली.

संध्याकाळी माझ्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू. कुणीतरी म्हणालं, गणपतीचा व्हिडिओ लाव गं, आणि तिनंच बटण दाबलं. वाण हातात धरून बायका नुसत्या बघत राहिल्या. मग सगळ्या माझ्याकडे वळल्या.

आणि मी म्हणाले, "लीलाची आहे."

कसं आलं तोंडातून? अजून मला धक्का बसतो. लीला स्वयंपाकघरात होती, माझ्याच पाहुण्यांचा चहा गाळत. ती बाहेर आली. माझ्याकडे बघितलं. कॅसेट काढली, पर्समध्ये टाकली आणि गेली. 

दुसऱ्या दिवसापासून मुलींना तिच्याकडे पाठवणं मी बंद केलं. नाहीतर बायका काय म्हणाल्या असत्या?

शनिवारी वाण्याकडे गेले. तो म्हणाला, "आपकी कॅसेट मिल गयी. वो सिस्टर दे गयीं. बोलीं, भाभी को टाइम नहीं मिला."

मी तांदळाची पिशवी उचलली. घरी जाताना आधी तिचं दार लागतं. दिवा होता. मी थांबले नाही.