मधल्या मिनिटाचा मास्तर

स्कॉच मास्तर टीव्हीवरचे कार्यक्रम बघायचाच नाही. दोन कार्यक्रमांच्या मधलं मिनिट तेवढं बघायचा. स्कॉटलंडचा म्हणून आम्ही हे नाव ठेवलेलं. प्यायचा मात्र बिनदुधाचा सुलेमानी चहा, तोसुद्धा थर्मासमध्ये कडू झालेला. आखातात, रास अल खोरच्या गोदामांमागे आमचं छोटं हिंदी चॅनेल होतं. तो इंजिनिअर, मी निवेदिका. "आता पाहू या..." म्हणत कार्यक्रम जोडायचं माझं काम. नवरा गेल्यावर माझ्या दोन मुलींचा व्हिसा त्याच कामावर उभा होता.

मास्तरची बहीण दर महिन्याला तिकडच्या टीव्हीच्या कॅसेटी पाठवायची. त्यातल्या निवेदिका तो मला दाखवायचा. "नझमा, कार्यक्रम कुणीही विकत घेईल. मधे बोलणारं माणूस आपल्या गावचं लागतं."

त्या वर्षी कॅसेटी बघवेनात. आधी स्कॉटलंडच्या उत्तरेकडचं चॅनेल दक्षिणेकडच्यांनी विकत घेतलं. मग उत्तरेच्या निवेदिकांचे चेहरे गेले, नुसते आवाज राहिले. पुढच्या कॅसेटीत दोन्हीकडे एकच आवाज. मास्तरने टेप थांबवली. "बहीण लिहिते, त्या दिवशी गुडघाभर बर्फ होतं. ही म्हणतेय, काय सुंदर ऊन! महिन्याभराचं एकदम बोलून ठेवलंय. साठवलेला आवाज मिळाला की मालकाला माणूस लागत नाही. तू हे कधी करू नकोस."

"आपल्याकडे नाही हो असं होत," मी म्हटलं. जळली मेली माझी अक्कल!

जूनमध्ये रत्नागिरीला धाकट्या बहिणीचं लग्न निघालं. दोन वर्षांनी मिळणारी दोन महिन्यांची सुट्टी, तीही मॅनेजर देईना. मग मीच सुचवलं, सगळं आधी रेकॉर्ड करून जाते. "माशाल्ला, काय आयडिया!" मॅनेजर खूश. मास्तरने मशीन लावताना एवढंच विचारलं, "किती दिवसांचं?"

"साठ."

"खलास," तो म्हणाला. एरवी माझ्या चुका काढणारा माणूस त्या दिवशी पहिलंच रेकॉर्डिंग चालवून घेत गेला.

परतले तेव्हा मॅनेजरने खुर्ची दिली, चहा मागवला. कधी पाणी विचारलं नव्हतं मेल्याने. म्हणाला, एकाही प्रेक्षकाची तक्रार नाही. वर्षभराचं बोलून दे, मार्चपर्यंत व्हिसा ठेवतो. नाहीतर याच महिन्यात कॅन्सल.

मास्तर स्टुडिओत बसला होता. "नको करूस, नझमा," म्हणाला. चक्क विनवत होता.

"मार्चमध्ये थोरलीची दहावी आहे, मास्तर."

त्याने हेडफोन काढून टेबलावर ठेवले आणि बाहेर गेला. त्या उन्हात गाडी सुरू झाल्याचा आवाज आला. मला वाटलं, राग शांत झाला की येईल. मी दहा मिनिटं वाट पाहिली, मग आणखी दहा. आयुष्यात कुणाची इतकी लाज वाटली नव्हती.

शेवटी मीच उठले, रेकॉर्डिंगचं लाल बटण दाबलं, आणि कॅमेऱ्यासमोर येऊन हसले.